काठावरचा आवाज

३ मार्च, सोमवार

घशाचे डॉक्टर आज आडपडदा न ठेवता बोलले, ते मला आवडलं. आवाजाची पेटी काढावी लागणार. अर्धी नाही, अख्खी. ऑपरेशन सत्तावीस तारखेला. गाठ पेटीच्या बाहेर गेलेली नाही, म्हणून "तुमची बाजू भक्कम आहे," असं ते म्हणाले. मी विचारलं, "बाजू भक्कम आहे तर मग चेहरा असा का केलाय?" तेव्हा बिचारे हसले.

ह्यांनी एवढंच विचारलं, "नंतर बोलता येईल?"

डॉक्टर म्हणाले, "काही महिन्यांनी एक झडप बसवता येते. लोक बोलतात तिच्यावर, चांगले बोलतात. पण हा आवाज नसेल. हा हवा असेल तर आत्ताच भरून ठेवा. आपल्याच आवाजातली वाक्यं फोनवर बटणांसारखी लावता येतात. रोज थोडं थोडं बोला. मात्र ओरडायचं नाही."

ओरडायचं नाही, हे कुणाला सांगताय. अर्धं आयुष्य जलतरण तलावाच्या काठावर गेलं माझं. पोरं तोंडावर मॅडम म्हणतात आणि पाठ वळली की भोंगा. मला दोन्ही चालतं. पाण्याखाली डोकं असलेल्यालाही माझं "कोपर वर" ऐकू जातं.

निघताना डॉक्टरांनी आणखी एक सांगितलं. मानेला पुढून भोक राहील, श्वास तिथूनच. त्यातून पाणी शिरलं तर थेट फुप्फुसात. म्हणजे पाण्यात उतरणं बंद. ठीक आहे. प्रशिक्षकाचं काम काठावरचं असतं.

रिक्षात हे गप्प होते. तसे ते नेहमीच असतात. जमीन मोजणी खात्यात उभी हयात गेली, शेताच्या बांधावर बोलायला असतं कोण. आमच्या घरात मी बोलते आणि हे ऐकतात. वाटणी कधी ठरवली नव्हती, पडून गेली.

५ मार्च, बुधवार

माइक आणला. बाजारामागच्या गल्लीत एक जण लाउडस्पीकर भाड्याने देतो आणि दुरुस्त करतो, त्याच्याकडून. सगळे त्याला माइकवालाच म्हणतात. मी स्टेजवरचा गोल डोक्याचा मागितला. तो म्हणाला, "तो नको, काकू. त्याच्या तोंडाला तोंड लावून बोलावं लागतं. तुम्हाला आवाज जसाच्या तसा हवाय ना? मग कंडेन्सर घ्या. स्वस्तातला आहे, पण घरच्या कामाला पुरे."

दिसायला जाड विजेरीसारखा, वर जाळी. त्याने एक मोडका उघडून दाखवला. आत रुपयाएवढा गोल पडदा, अगदी पातळ प्लास्टिकचा, वरून धातूचा मुलामा. त्याच्या पाठीमागे धातूची चकती, दोघांमध्ये केसाएवढी फट. आवाज पडद्यावर आला की पडदा थरथरतो, फट कमीजास्त होते आणि तेवढाच विजेचा खेळ बदलतो. बाकी सगळी यंत्रणा त्या थरथरीला जोर देण्यासाठी. मला लगेच समजलं. पहाटे तलावात कुणी नसताना पाणी असंच असतं. लांबच्या टोकाला बोट बुडवलं तरी ह्या टोकाला कळतं.

खोक्यात माइक, एक उभा दांडा, तोंडापुढे लावायची जाळीची चकती (प, फ, भ म्हणताना वाऱ्याचा फटका बसू नये म्हणून) आणि एक वायर. वायरचं एक टोक जाडजूड, तीन भोकांचं, ते माइकला. दुसरं टोक हेडफोनच्या पिनेसारखं बारीक, ते लॅपटॉपला. पंधरा मिनिटांचं काम. उद्या सुरू.

६ मार्च, गुरुवार

पंधरा मिनिटांचं नाही निघालं.

बारीक पीन लॅपटॉपच्या भोकात घातली. लॅपटॉपला वाटलं हेडफोन आला. ह्यांनी चष्मा कपाळावर नेऊन सेटिंग शोधलं. मग कुठे माझा आवाज आला, तोही शेजारच्या इमारतीतून आल्यासारखा, आणि त्याच्यावर चुलीवर पाणी उकळावं तशी सतत खरखर. मी जोरात बोलले. ह्यांनी बोट ओठावर ठेवलं.

पुन्हा माइकवाल्याकडे. तो म्हणाला, "पडद्याला वीज लागते ना, काकू. लॅपटॉपच्या भोकातून दोन-तीन व्होल्ट येतात. हा मागतो अठ्ठेचाळीस. उपाशी माणूस बोलणार किती?" त्याने एक छोटा डबा दिला. डब्याची यूएसबी वायर लॅपटॉपला, आणि माइकपासून डब्यापर्यंत दोन्ही बाजूंनी जाड टोकांची वायर. डब्यावर ४८ लिहिलेलं बटण. ते दाबलं की त्याच वायरीतून माइकला वीज वर चढते आणि आवाज खाली उतरतो. ह्या विजेला फँटम पॉवर म्हणतात, म्हणजे भुताची वीज. हे म्हणाले, "नाव कुणी ठेवलं असेल?" आठवड्यात ह्यांनी स्वतःहून काढलेला हा पहिला विषय.

त्याने आणखी एक सांगितलं. ह्या माइकला वरून बोलायचं नसतं, समोरून बोलायचं, ज्या बाजूला खूण आहे तिकडून. पाठीमागचं त्याला फारसं ऐकू येत नाही. मी आज दिवसभर त्याच्या टाळक्यात बोलत होते.

७ मार्च, शुक्रवार

खोली ठरली. झोपायच्या खोलीतलं कपड्यांचं कपाट उघडून त्याच्या दोन्ही दारांवर रजया टाकल्या. मी कपाटात तोंड घालून स्टुलावर बसते, माइक कपड्यांच्या पुढ्यात. भिंतीवरून आवाज परत येत नाही. हे पाठीमागे पलंगावर लॅपटॉप घेऊन. बाहेरून कुणी पाहिलं तर वाटेल, नवरा-बायकोचं भांडण झालंय आणि बायको कपाटाशी बोलतेय.

वाक्यं मी आधीच काढून ठेवली होती. सगळी कामाची. कोपर वर. पाय सरळ. गुडघा वाकवू नकोस. डोकं खाली. श्वास सोड. रांगेत उभे राहा. खोल बाजूला माझ्या परवानगीशिवाय नाही. तलावाबाहेरची थोडी: मला बोलता येत नाही, कृपया थांबा. किती झाले? मला पावती द्या.

काम झपाट्याने चाललंय. आवाज थोडा घोगरा आहे, पण खणखणीत.

९ मार्च, रविवार

लेकीचा फोन. ती दुसऱ्या शहरात असते, बँकेत. तिला भरलेल्यातलं थोडं पाठवलं होतं. म्हणाली, "आई, तू न्हाणीघरातून बोलतेयस का?"

मी म्हटलं, "कपाटातून. तुझ्या कानात मळ असेल."

मग विचारलं, "अजून काय भरू? तुला काही सुचतंय?"

ती म्हणाली, "मला रागावल्याचं एक भर ना."

"मी तुला कधी रागावते?"

"फोन उचलला नाही की म्हणतेस ना, मेलीस का कुठे, ते."

मी म्हटलं असलं अभद्र कशाला भरायचं. तेवढ्यात फोन कट झाला. तिच्याकडे रेंजचं काही खरं नसतं. दहा मिनिटांनी तिनेच परत केला, तेव्हा तिला सर्दी झाल्यासारखी वाटली. वाफ घे म्हणून सांगितलं.

११ मार्च, मंगळवार

आज मोठाच घोळ उघडकीला आला.

हे माइक पुसत होते. नख जाळीला लागलं. हेडफोनमध्ये काहीच आलं नाही. मग त्यांचा अंगठा लॅपटॉपच्या कळांवर पडला आणि कानात दगड कोसळल्यासारखा आवाज झाला. डबा जोडलेला, दिवा लागलेला, सगळं यथासांग. पण लॅपटॉपला कुणी सांगितलंच नव्हतं की बाबा, आता डब्याचं ऐक. तो आपल्या पडद्याच्या कडेला टिकलीएवढा माइक असतो, त्याच्यातूनच ऐकत होता. चार दिवसांचं सगळं भरलेलं त्याच्यातलं. न्हाणीघरातलं.

सेटिंगमध्ये एक ओळ बदलायची होती. एकच.

ह्यांचा चेहरा पाहवत नव्हता. जमीन मोजताना ह्यांच्या हातून कधी वीतभर चूक झाली नाही, असं खात्यात म्हणायचे. "तुझा चार दिवसांचा आवाज मी वाया घालवला," म्हणाले. एरवी मी घर डोक्यावर घेतलं असतं. ओरडायला बंदी आहे म्हणून म्हटलं, "पोरं चार दिवस चुकीचे हात मारतात, मग पाचव्या दिवशी बरोबर मारतात. चला, पहिल्यापासून."

ओळ बदलली, डब्यावर आवाजाची चकती बेताची ठेवली आणि म्हटलं, "कोपर वर." परत ऐकलं.

काय सांगू. मी स्वतःला कधी अशी ऐकलीच नव्हती. ओठ सुटल्याचा आवाज, आत घेतलेला श्वास, आणि श्वासाच्या शेवटी एक बारीक शीळ. ती गाठीची असणार. एवढ्याशा स्वस्त वस्तूला तेसुद्धा ऐकू येतं. मी म्हटलं, माइक उत्तम आहे. हे उठून पाणी प्यायला गेले.

१३ मार्च, गुरुवार

नवी अडचण: माझा आवाज ह्या माइकला झेपत नाही. "रांगेत उभे राहा" म्हटलं की पडद्यावरची रेघ लाल होते आणि आवाज फाटतो. चकती आणखी खाली केली तर हळू बोललेलं बुडतं. माइकवाल्याला फोन केला. "काकू, त्याच्यापुढे ओरडायचं नसतं. तळहाताएवढ्या अंतरावर बसा आणि शेजारी बसलेल्या माणसाशी बोलताय असं बोला."

शेजारच्या माणसाशी मी तसं कधी बोलले असेन, आठवत नाही. ह्यांना विचारलं. म्हणाले, "बोलायचीस. लग्न झालं तेव्हा."

प्रयत्न करतेय.

१५ मार्च, शनिवार

सकाळी तलाव. मुलांचे वर्ग आता माझा सहायक घेतो. तो लहानपणी माझ्याकडेच शिकला. तेव्हा पाय असे मारायचा की बेडूक नाव पडलं, ते अजून आहे. मी पहाटे लवकर जाते, पाणी तपासायला. पाणी कसं आहे ते काठावरून कळत नाही, आत उतरावं लागतं, म्हणून रोज चार फेऱ्या मारते. बेडूक म्हणाला, "मॅडम, तपासायला आधी आपण नुसती बाटली भरायचो." त्याला म्हटलं, तू वर्गाकडे लक्ष दे.

नऊच्या वर्गाला शिवणकाम करणाऱ्या बाई येतात. माझ्याहून दोन-तीन वर्षांनी मोठ्या. सगळ्या नातवंडांना पोहता येतं, आपल्याला नाही, ह्या एका रागावर आल्या. उथळ बाजूला सुरेख पोहतात. पायाखालची फरशी उतरायला लागली की दोरी धरून थांबतात. मी त्यांना शब्द दिलाय, खोल बाजू पार करून देईन. त्या म्हणाल्या, "तुम्ही ओरडत असता ना, तोवर मला भीती वाटत नाही. तुम्ही थांबलात की वाटते."

मी म्हटलं, "मी थांबत नाही."

१८ मार्च, मंगळवार

माइक चांगला, पण फार चोखंदळ. निदान हे तरी तसं सांगतात. माझं वाक्य झालं की हेडफोन कानाला लावून ऐकतात आणि म्हणतात, "मागे कबुतर आलं. परत म्हण."

परत म्हटलं.

"फ्रिजची घरघर."

फ्रिज मी स्वतः बंद केला होता. तसं सांगितलं. "तरी एकदा," म्हणाले. "गुडघा वाकवू नकोस" मी आज किती वेळा म्हटलं असेल देव जाणे. मी म्हटलं, "द्या तो हेडफोन, मला ऐकू दे कुठलं कबुतर ते." तर म्हणाले वायर सैल झालीय, हलवली की तुटेल. हेडफोन स्वस्तातला घ्यायला नको होता.

दुसरं म्हणजे हे रेकॉर्डिंग थांबवायला विसरतात. मी वाक्य संपवून चहा घेत असते, पाय चोळत असते, नळवाल्याच्या नावाने बोटं मोडत असते, आणि पडद्यावरची रेघ आपली चालूच. आज टोकलं, "अहो, जागा भरेल ना त्याची." म्हणाले, "भरपूर आहे." वय झालं आता ह्यांचं. सत्तावीसनंतर घरातली कागदपत्रं मलाच बघावी लागतील.

२० मार्च, गुरुवार

आवाज उतरलाय. सकाळी ठीक असतो, दुपारनंतर वाळूवर पाय घासल्यासारखा. आता फक्त सकाळी भरायचं.

कामाची वाक्यं संपली. मी म्हटलं झालं, गुंडाळा. हे म्हणाले, "थोडं घरातलं भरू या."

"घरातलं काय? घरात मी लिहून दाखवीन. नाहीतर ताट आपटेन, तुम्हाला कळेल."

"तरी," म्हणाले.

मग भरलं. अहो ऐकलंत का. दार लावा. गोळी घेतली का. चष्मा कपाळावर आहे तुमच्या. प्रत्येकाच्या मागे कबुतर आलं.

२६ मार्च, बुधवार

उद्या सकाळी दवाखान्यात भरती आणि लगेच ऑपरेशन. पिशवी भरली. पाटी आणि खडू घेतले.

पहाटे पाणी तपासलं. आज जरा जास्त वेळ लागला. खोल बाजूला तळाशी जाऊन जाळी नीट बसलीय का ते पाहिलं, मग उताणी पडून राहिले, पाण्याची हालचाल थांबते का ते बघायला. थांबली. बेडूक काठावर टॉवेल घेऊन उभा होता. मी त्याला कधी टॉवेल धरायला सांगितलेलं नाही. त्याचे डोळे लाल होते. पाण्यात औषध जास्त पडलंय, कमी कर म्हणून सांगितलं.

संध्याकाळी लेक आली. तिघंही पलंगावर बसलो, माइक मध्ये. काही भरायचं नव्हतं. हे म्हणाले राहू दे चालू. मग मी बोलत बसले, असंच, लेक लहान असताना तलावाच्या कट्ट्यावर झोपायची ते. बोलता बोलता आवाज बसला. तेवढ्यावर उठलो.

भीती वाटते का? वाटते. पण शर्यतीआधी वाटते तेवढीच.

९ एप्रिल, बुधवार

घरी आले. लिहायला हात शाबूत आहे. ऑपरेशन चांगलं झालं, कडा स्वच्छ निघाल्या, असं डॉक्टर म्हणतात. मानेत भोक, त्यात नळी. खोकला आला की तोंडावर हात जातो, आणि तो खोकला मात्र मानेतून निघून जातो. सवय व्हायला वेळ लागेल.

शिवणकामवाल्या बाई येऊन गेल्या. भोकावर बांधायला सुती कापडाचे दुपदरी रुमाल शिवून आणले होते, कडेला नाड्या, धूळ आत जाऊ नये आणि श्वासही अडू नये असे. नीट मापात. माप कधी घेतलं म्हणून पाटीवर विचारलं. म्हणाल्या, "तुमची मान मी महिनाभर खालून वर बघतेय."

फोनवरची बटणं हे लावतायत. हरेक वाक्याला एक चौकोन.

१४ एप्रिल, सोमवार

पाटीवर लिहून लिहून वैताग आला. मला वाटलं होतं मुकं राहणं म्हणजे विश्रांती. पण कुणाच्या बोलण्यात मध्येच बोलता येत नाही, हे फार जड जातं. मी लिहीपर्यंत विषय पुढे गेलेला असतो. आज दुपारी खडू फेकला. हे उचलायला वाकले.

नंतर पाहिलं तर खिडकीशी बसून हेडफोन कानाला, डोळे मिटलेले. पाटीवर विचारलं, काय करताय? म्हणाले, "तपासतोय. कुठे काही राहिलंय का." रोज जेवणानंतर तपासतात. एवढं काय तपासायचं असतं. पण माणूस पहिल्यापासून चिकट.

१२ मे, सोमवार

तलावावर परत. फोन गळ्यात अडकवला तो पोटापर्यंत लोंबता, म्हणजे भोकावर येत नाही. छोटा स्पीकर कट्ट्यावर. पोरं रांगेत. बटण दाबलं.

"रांगेत उभे राहा," स्पीकर म्हणाला, इतक्या मऊ आवाजात, जसं कुणी दुकानात सुईदोरा मागावा. सगळी फौज हसत सुटली. एक जण म्हणाला, "भोंगा बरा झाला." मला राग यायला हवा होता. खांदे हलेपर्यंत हसले. आता हसण्याला आवाज नाही, नुसती हवा.

पहिला आठवडा असाच जाणार. स्पीकर भिंतीकडे तोंड करून होता, त्यामुळे आवाज घुमत होता. बेडकाने तो पाण्याकडे वळवला. मग "कोपर वर" लांबच्या टोकापर्यंत स्पष्ट गेलं. पोरं अजून हसतात, पण कोपर वर करतात.

१७ जून, मंगळवार

आज शिवणकामवाल्या बाईंनी खोल बाजू पार केली. ते लिहूनच ठेवते.

बेडूक उथळ बाजूला लहान मुलांत होता. बाई मला म्हणाल्या, "आज जाते." मी मान हलवली. लांब बांबू हातात घेऊन काठाने त्यांच्याबरोबर चालत राहिले. अर्ध्यावर छान होत्या. मग खाली बघितलं. खाली बघायचं नसतं. हात थांबले, पाय खाली गेले, तोंड वर करून त्या नुसतं पाणी मारायला लागल्या. माझा बांबू वीतभर कमी पडत होता. दोरी लांब.

फोनवर ओली बोटं. एक बटण लागलं: "मला पावती द्या." दुसरं दाबलं.

"श्वास सोड," स्पीकर म्हणाला. आणि मग थांबून, "सोड. सगळा सोड. काही होत नाही."

शेवटचं "काही होत नाही" मी भरायला म्हणून म्हटलं नव्हतं. त्या दिवशी हे खोकत होते, त्यांना म्हटलं होतं. ह्यांनी छाटलं नाही, ही त्यांची चूक. पण बाईंनी श्वास सोडला. दिसलं मला, खांदे खाली आले. मी हात आडवे पसरून दाखवले, उताण्या व्हा. त्या झाल्या. पाण्यावर पडून राहिल्या. मी बटण परत दाबलं, आणि परत. मग त्या हळूहळू पाय मारत पलीकडच्या भिंतीला टेकल्या.

बेडूक पळत आला तो आधी माझ्याकडे. माझा दंड धरला आणि मागे ओढलं. मी पायऱ्यांच्या शिडीवर होते, पाणी मांड्यांपर्यंत. तिथे कधी पोचले, मला आठवत नाही. बांबू नीट पोचावा म्हणून उतरले असेन. त्याने दंड बराच वेळ सोडला नाही, बोटांचे वळ आहेत अजून.

बाई बाहेर येऊन कट्ट्यावर बसल्या. थरथरत होत्या आणि हसत होत्या. म्हणाल्या, "मॅडम, तुम्ही मला अगं-तुगं केलंत."

घरी ह्यांना सगळं लिहून दाखवलं. शिडीचं सोडून.

२२ जुलै, मंगळवार

झडप गेल्या आठवड्यात बसवली. आज पहिल्यांदा तिच्यातून बोलायचं होतं. वाचा शिकवणाऱ्या बाईंनी समजावलं: मानेतून श्वास घ्या, भोकावर अंगठा ठेवा, म्हणजे हवा झडपेतून घशात वर जाईल. मग बोला. तंत्र सोपं आहे. पाण्यात श्वासाची वेळ जमवण्यापेक्षा सोपं.

त्यांनी विचारलं, "पहिला शब्द कुठला म्हणायचाय? पुष्कळ जण आधीच ठरवून येतात."

मी काही ठरवलं नव्हतं. हे बाहेर बाकावर बसले होते, दार अर्धं उघडं. सकाळपासून नुसत्या चहावर होते, ते डोक्यात होतं. श्वास घेतला, अंगठा ठेवला. पहिल्यांदा नुसती हवा. दुसऱ्यांदा गुळणी केल्यासारखं काहीतरी. तिसऱ्यांदा आला. जाडा, खालच्या पट्टीतला, कुठल्यातरी पुरुषाचा असावा तसा. पण शब्द सुटे सुटे.

"अहो," मी म्हटलं. "खाल्लं का काही?"

हे उठून दाराशी आले. चौकटीला हात लावून उभे राहिले, आणि मग तिथेच खाली फरशीवर बसले. एवढा उंच माणूस, पाय कॉरिडॉरमध्ये पसरून. वाचावाल्या बाई धावल्या, नर्सने पाणी आणलं. डोळ्यांतून पाणी येत होतं. रक्तातली साखर उतरली की तसं होतं, मला माहीत आहे. उपाशीपोटी निघायची ह्यांची सवय जुनीच.

मी पिशवीतून बिस्किटं काढून त्यांच्या हातात ठेवली. अंगठा लावला.

"आधी खा," म्हटलं. "मग रडा."

त्यांनी मान हलवली आणि तिथेच फरशीवर बसून, मी बघत असताना, अख्खा पुडा संपवला.